हद्दीपलीकडचा राजीनामा

संग्रामपूर, १० मार्च २०२५

सारिका यांस,

जय भीम.

पत्ता तुझ्या आईनं दिला. त्यासाठी देऊळघाटला दोन खेपा झाल्या. पहिल्या खेपेला तिनं पाणीसुद्धा विचारलं नाही, दुसऱ्या खेपेला चहा दिला आणि मग पत्ता. फोन केला असता, पण माझा नंबर तू बंद करून ठेवलास तो पाच वर्षं बंदच आहे. बेबीताईच्या फोनवरून करता आला असता, पण मग बेबीताई शेजारी बसून ऐकणार, आणि तिच्या तोंडात तीळ भिजत नाही हे तुला माहीत आहे. म्हणून पत्र.

काम आहे म्हणून लिहितेय. संघटनेचं काम. बाकीचं काही मी काढणार नाही, तूही काढू नकोस.

रुपाली तुला आठवत असेलच. घाटापलीकडे मध्य प्रदेशात दिलेली, २०१८ साली हाताला प्लास्टर असताना आपण दोघी जिला तिकडच्या ठाण्यात घेऊन गेलो होतो ती. त्यानंतर दोन वर्षांनी सासरच्यांनी तिला हाकलली आणि लेक ठेवून घेतली, तेही तुला माहीत आहे. तेव्हापासून ती इकडे भाऊ दीपककडे राहते आणि ब्लाउज शिवते. शिवण एक नंबर आहे, तालुक्यातल्या मास्तरणी तिच्याकडे येतात. पण लेकीचं नाव निघालं की मशीन थांबवते.

तर त्या लेकीचं, मयुरीचं, लग्न ठरलंय. आखजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, ३० एप्रिलला. दीपकला बाजारात तिकडचा एक मिरचीवाला भेटला, त्यानं अभिनंदन केलं, तेव्हा कळलं. पोरगी साडेपंधरा वर्षांची आहे, सारिका.

मी इकडे पोलिसांत गेले. साहेब चांगला माणूस, खुर्ची दिली. म्हणाला, "बाई, लगन तिकडं, पोरगी तिकडं, सासरा तिकडं. माह्या हद्दीत काय हाय, सांगा."

म्हटलं, "माय हाय ना तुमच्या हद्दीत!"

तो हसला, पण खोटं बोलला नाही, त्याच्या हातात खरंच काही नव्हतं. तिकडच्या मदत क्रमांकावर फोन लावला, तर दोन दिवसांनी उत्तर आलं की मुलीच्या आधार कार्डावर वय एकोणीस आहे. एकोणीस! रुपालीच्या लग्नालाच सतरा वर्षं झालीत. लेक काय आंदणात आली होती?

तू बऱ्हाणपूरकडे 'नयी राह' महिला मंडळात आहेस असं तुझी आई म्हणाली. त्या मंडळाचं नाव मी चांगलं ऐकलंय. तुमच्या मंडळाशिवाय हे लग्न मोडत नाही आणि आमच्याशिवाय तुम्हाला कळलंही नसतं. एक्कावन्न दिवस आहेत. उत्तर कामापुरतं दिलंस तरी चालेल.

पंचफुला
अध्यक्ष, एकजूट महिला संघटना

संग्रामपूर, २५ मार्च २०२५

सारिका,

पाकीट मिळालं. तू माझं म्हणणं अगदी अक्षरशः घेतलंस. ना नमस्कार, ना जय भीम, ना 'कशा आहात'. टाइप केलेली पाच कागदपत्रांची यादी, हिंदीतून. खाली मंडळाचा शिक्का, आणि शिक्क्याच्या बाजूला पेनानं लिहिलेली एक ओळ: 'जन्म प्रमाणपत्र की मूल प्रति चाहिए, फोटोकॉपी नहीं.' त्यातला 'क' पाहिला. पोट फुगवून 'क' काढायची तुझी खोड गेली नाही. अंगणवाडीत तीस वर्षं अक्षरं गिरवून घेतली मी, मला अक्षर ओळखता येतं.

तर ऐक. आधार कार्डावर रुपालीच्या सासऱ्यानं काहीही लिहून घेतलं असेल, पण एक गोष्ट तो विसरला. पहिलं बाळंतपण माहेरचं असतं! रुपाली सातव्या महिन्यात इकडे आली होती आणि मयुरी इथं, आपल्या तालुक्यात, आईच्या आईच्या घरात जन्मली. लग्न त्यांच्या राज्यात, पण जन्म आपल्या राज्यात. सुचल्याबरोबर मी उठून उभीच राहिले.

ग्रामपंचायतीत गेले. शिपाई तुळशीराम म्हणाला, २००९ चं जन्माचं रजिस्टर सापडत नाही, कपाटात ढेकूण झाले म्हणून सगळं हलवलं होतं. म्हटलं, ढेकणांनी रजिस्टर नेलं नसेल ना, शोध. तो म्हणे उद्या या. मी, बेबीताई आणि रुपाली तिथंच पायरीवर बसलो. दुसऱ्या दिवशीही बसलो. तिसऱ्या दिवशी तुळशीरामच्या बायकोनं आमच्यासाठी डब्यात भाकरी पाठवली आणि नवऱ्याला काय सांगितलं कुणास ठाऊक, दुपारपर्यंत रजिस्टर सापडलं.

नोंद आहे. १९ ऑक्टोबर २००९, मुलगी, मयुरी. आईचं नाव, बापाचं नाव, गाव, सगळं. आणि 'प्रसूती कोणी केली' या रकान्यात काय असेल? आपली बेबीताई! ती तेव्हा दाई होती ना. स्वतःचं नाव कागदावर बघून म्हातारी इतकी फुलली की म्हणाली, "याची एक झेरॉक्स मलेबी पाहिजे, फ्रेम करतो." दाखला सहीशिक्क्यानिशी निघाला. मूळ प्रत माझ्या ट्रंकेत आहे. ती पोस्टानं पाठवणार नाही, कुणीतरी हातात घ्यायला यावं लागेल.

पायरीवर बसल्या बसल्या बेबीताई एक बोलली, ते तुला सांगावं की नाही ठरत नव्हतं. सांगते. म्हणाली, "सारिकानं तवा तो कागद नीट वाचला असता, तर आज हे बसणं नसतं आलं आपल्यावर." रुपाली खाली बघत होती. मी थर्मासमधून चहा ओतत होते. ओतत राहिले.

पंचफुला

संग्रामपूर, ७ एप्रिल २०२५

सारू,

शुक्रवारी भेटलो तुमच्या बायकांना. घाटावर, हद्दीच्या दगडाजवळ जी चहाची टपरी आहे तिथं. आमच्या चौदा, तुमच्या अकरा. टपरीवाला घाबरला, त्याला वाटलं दारूबंदीचा मोर्चा आला. तुझी वाट पाहिली. पुष्पांजलीदीदी म्हणाल्या, सारिका कलेक्टर कचेरीत गेलीय. गेली असशील. रुपालीला मीच नेलं नव्हतं, तिच्या सासरचं कुणी पाहिलं तर लग्न अलीकडे ओढतील म्हणून.

तुमच्या पुष्पांजलीदीदी मला आवडल्या. अध्यक्ष असून सगळ्यांचे कप त्यांनीच गोळा केले. उभ्या राहून म्हणाल्या, "हर लड़की को शिक्षा मिलनी चाहिए."

बेबीताई ताडकन उठली. "काऊन? पोरीयचा काय गुन्हा हाय?"

त्यांची शिक्षा म्हणजे शिक्षण, हे समजावता समजावता पुरेवाट झाली. ते मिटतं न मिटतं तोच त्या म्हणाल्या, "हम पूरी चेष्टा करेंगे," आणि आमच्या चौघी जणी पिशव्या उचलून निघाल्या. एवढ्या लांब येऊन आमची चेष्टा करतात म्हणे! त्यांच्यात चेष्टा म्हणजे प्रयत्न. मग दीदींनीच डोकं चालवलं. टपरीवरच्या जुन्या कॅलेंडरचं पान फाडलं आणि म्हणाल्या, पहले शब्दों का हिसाब कर लें. एका बाजूला त्यांचा अर्थ, दुसऱ्या बाजूला आपला. बायका हसून हसून बेजार. सतरा शब्द झाले.

अठरावा शब्द दीदींनी काढला. "राजीनामा. थाने में सबसे ज़्यादा यही चलता है. आपके यहाँ क्या बोलते हैं?"

आमच्या म्हणाल्या, राजीनामा म्हणजे पद सोडणं. तुमच्या हसायला लागल्या. "अरे नहीं, हमारे यहाँ तो राजीनामा मतलब समझौता!"

सगळ्या हसल्या. मी टपरीमागे जाऊन तोंड धुतलं.

बाकीचं काही काढणार नाही असं पहिल्या पत्रात लिहिलं होतं. आता काढते. जे तुला माहीत आहे तेच तुला लिहून काय उपयोग, असं वाटेल. पण मी ते कधी तोंडानं बोलले नाही आणि कधी लिहिलंही नाही, म्हणून लिहिते.

जून २०१८. ठाण्यात रुपालीचा सासरा, दयाराम, पांढरे कपडे घालून बसला होता. नावात दया आहे, राम आहे, माणसात दोन्ही नाहीत. तो त्यांच्या गावचा उपसरपंच. सुनेचा हात मोडलेला आणि हा खुर्चीवर! मी सगळ्यांसमोर ओरडले, "राजीनामा दो! ऐसे आदमी ने राजीनामा देना चाहिए!" एकदा नाही, चार-पाच वेळा ओरडले. तो आधी चमकला, मग गोड हसून म्हणाला, "हाँ हाँ बहनजी, राजीनामा कर लेते हैं." अर्ध्या तासात कागद तयार. वर मोठ्या अक्षरात राजीनामा.

मला वाटलं, जिंकले. माझ्या एका आरोळीनं उपसरपंच पद सोडतोय.

तू म्हणालीस, "ताई, हा इतक्या लवकर कसा तयार झाला? मला पूर्ण वाचू द्या." तू तेव्हा तेवीस वर्षांची होतीस. मी काय म्हणाले ते मला शब्दन् शब्द पाठ आहे. "दोन बुकं जास्त शिकली म्हणून मले शिकवू नको." कागद तुझ्या हातातून ओढून मी रुपालीपुढे ठेवला आणि सही कर म्हटलं; तक्रारदाराचीही सही लागत असेल असं मला वाटलं. तिनं माझ्याकडे पाहिलं आणि सही केली. परत येताना मी जीपमध्ये पेढे वाटले. तू घेतला नाहीस.

त्या कागदात लिहिलं होतं की रुपालीची काही तक्रार नाही, ती राजीखुशीनं नांदायला जातेय, आणि पुन्हा घर सोडलं तर मुलीवर तिचा हक्क राहणार नाही. तक्रार तिथंच मेली. मला वाटलं, सासऱ्याची खुर्ची गेली, मान खाली गेली, म्हणून ती आपल्या मनानं परत जातेय.

२०२० मध्ये तिला हाकललं, मयुरीला ठेवून घेतलं, आणि दयारामनं तोच कागद पुढे केला. आपल्या मीटिंगमध्ये प्रश्न निघाला की हा कागद वाचला कुणी. सगळ्या माझ्याकडे बघत होत्या. मी म्हणाले, "सारिकानं वाचला."

तू उठलीस. चप्पल घातली आणि गेलीस. तू भांडशील, मला खोटं पाडशील, असं वाटलं होतं. भांडली असतीस तर बरं झालं असतं, मला कबूल करावं लागलं असतं.

सारू, कागद तू वाचला नव्हतास. मी वाचू दिला नव्हता. हे माझ्या अक्षरात लिहिलंय, खाली सही आहे.

पंचफुला

ता. क. दाखल्याची मूळ प्रत पुष्पांजलीदीदींच्या हातात दिली. कॅलेंडरचं पान आम्ही ठेवलंय, त्याची झेरॉक्स तुमच्याकडे.

संग्रामपूर, १ मे २०२५

सारू,

जिंकलो गं! बायका अजून अंगणात आहेत, बेबीताई नाचून नाचून गुडघा धरून बसलीय.

मांडवातलं तू पाहिलंस. तू आणि बालविवाह रोखणाऱ्या त्या सरकारी अधिकारी मॅडम गाडीतून उतरलात आणि आपल्या दोन्हीकडच्या पन्नास बायका पाहुण्यांसारख्या रांगेनं मांडवात जाऊन बसल्या. ते मला दीदींच्या फोनवर दिसलं. ठाण्यात काय झालं ते तू पाहिलं नाहीस, ते सांगते.

आत मी, रुपाली, बेबीताई आणि पुष्पांजलीदीदी. समोर ठाणेदार बाई, तरुण आहेत पण चष्म्यावरून बघतात. दयाराम आला. सात वर्षांनी पाहिला, केस काळे केलेत. आता सरपंच आहे. टेबलावर आधार कार्ड ठेवून म्हणाला, "मैडम, उन्नीस की है. ये महाराष्ट्र वाली औरतें झगड़ा लगाने आई हैं."

दीदींनी दाखला ठेवला. ठाणेदार बाईंनी दोन्ही कागद शेजारी शेजारी ठेवले आणि विचारलं की दूसरे राज्य का कागज़ है, कोई गवाह है क्या.

"गवाह काय, दाईच हाय ना मी!" बेबीताई उठली. "हे पोट्टी माह्या या हातावर जन्मली. दिवाळी झाली अन् दोन दिसांनी. त्याच दिवशी माही म्हैस व्याली. म्हशीले रेडा झाला अन् रुपालीले पोरगी. म्या दोन्हीकडं धावत होतो."

दीदींनी हिंदीत सांगितलं. ठाणेदार बाईंनी फोनमध्ये २००९ ची दिवाळी काढली. सतरा ऑक्टोबर, आणि दाखल्यावर एकोणीस. चष्मा काढून त्यांनी दयारामकडे पाहिलं आणि आधार कार्ड बाजूला सरकवलं.

दयारामचा आवाज लगेच मऊ झाला. "अरे बहनजी, घर की बात है. शादी अभी रोक देते हैं, दो साल बाद करेंगे. केस-वेस क्यों? राजीनामा कर लो." आणि खिशातून कागद काढला. आधीच लिहून आणला होता, बघ. वर तेच नाव, तशाच मोठ्या अक्षरात.

मी कागद घेतला. चष्मा लावला. ओळीखाली बोट ठेवून मोठ्यानं वाचला, अंगणवाडीत वाचत होते तसा. कळलं नाही तिथं दीदींना विचारलं. मग पहिल्यापासून पुन्हा वाचला. बाहेर वऱ्हाडाच्या गाड्या हॉर्न मारत होत्या, दयारामचा घाम काळा होऊन कानाशी ओघळला, पण मी घाई केली नाही. चौथ्या ओळीत होतं की मुलगी दादांकडेच, म्हणजे आजोबाकडेच, राहील.

कागद घडी करून त्याच्यासमोर ठेवला. माझ्या मोडक्या हिंदीत म्हणाले, "दयारामजी, तुम्हारे इधर राजीनामा मतलब समझौता. हमारे उधर राजीनामा मतलब कुर्सी छोड़ना. हमारा वाला देते हो तो अभी लिखो. तुम्हारा वाला ये लड़की दुबारा साइन नहीं करेगी."

दीदी इतक्या हसल्या की त्यांना ठसका लागला. बाहेर दरवाज्याशी उभ्या बायकांनी ऐकलं आणि सुरू झाल्या, "राजीनामा दो! राजीनामा दो!" या वेळी दोन्हीकडच्यांना अर्थ माहीत होता. ठाणेदार बाई म्हणाल्या, "नारे बाहर," पण त्यांची मान खाली होती आणि खांदे हलत होते. मग त्यांनी तक्रार लिहून घेतली. लग्न थांबवल्याचा पंचनामा झाला. खोट्या आधारचा वेगळा गुन्हा झाला.

आणि तू मयुरीला घेऊन आलीस. अंगाला हळद, हातात हिरवा चुडा. तिथं तू होतीस, तरी लिहिते, कारण ते डोक्यातून जात नाही. रुपाली उठली, दोन पावलं गेली. पोरगी जागची हलली नाही. म्हणाली, "आपने तो मुझे लिख के दे दिया था."

आईला 'आप' म्हणाली गं.

पाच वर्षं दयारामनं तिला तो कागद दाखवलाय. तिला आता मुलींच्या वसतिगृहात ठेवलंय, पंधरा तारखेला बाल कल्याण समिती विचारणार की कुणाकडे राहायचं. ती म्हणते, मेरा किसी के पास जाने का मन नहीं. लग्न मोडलं, पण रुपालीला लेक मिळाली नाही अजून. येताना जीपमध्ये सगळ्या गात होत्या आणि रुपाली माझ्या खांद्यावर डोकं ठेवून होती. मला तो खांदा काढून घ्यावासा वाटत होता.

पंचफुलाताई

संग्रामपूर, १७ मे २०२५

सारू,

तुझा निरोप दीदींनी फोनवर वाचून दाखवला होता. 'ताईंचं ७ एप्रिलचं पत्र समितीपुढे ठेवता येईल का? ती सही कशी घेतली गेली ते त्यात आहे. मयुरीलाही वाचून दाखवेन. पण त्यांची बदनामी होईल, त्यांनी विचार करून सांगावं.'

विचार करायला मी एक दिवस घेतला, खोटं कशाला बोलू. बऱ्हाणपूरच्या कचेरीत माझी अक्कल फाइलला लागणार, हे पचायला जड गेलं. पण त्याहून जड दुसरंच होतं. ते पत्र परक्या लोकांनी वाचायच्या आधी रुपालीला माझ्या तोंडून कळायला हवं होतं.

बारा तारखेला बुद्ध पौर्णिमा होती. विहारात खीर झाल्यावर समाजमंदिरात दोन्ही संघटनांची बैठक ठेवली. दीदींबरोबर तुमच्याकडच्या सहा नव्या जणी आल्या होत्या. मी उभी राहिले आणि पत्र वाचलं. सगळं, पेढ्यांसकट. तुमच्या बायकांसाठी दीदी हिंदीत सांगत होत्या, त्यामुळे माझी प्रत्येक चूक दोनदा ऐकावी लागली. 'सारिकानं वाचला' या वाक्याशी बेबीताईनं कपाळावर हात मारला. नंतर तिनं मला जे ऐकवलं ते लिहिण्यासारखं नाही, पण सगळं खरं होतं.

मी रुपालीकडे बघत नव्हते. तीच उठून समोर आली.

"ताई, राजीनामा म्हंजे काय ते मले तवाच मालूम होतं. दहा वर्षं त्या घरात काढली होती म्या. मले वाटलं, तुमीच ठरवलं मले वापस धाडायचं."

पत्रातली 'मला वाटलं, जिंकले' ही ओळ मी तिला पुन्हा वाचून दाखवली.

"म्हंजे तुमी मले वापस धाडलं नवतं?"

"नाही व माय. मले कळलंच नवतं."

ती खाली बसली आणि रडायला लागली, आणि रडता रडता हसायला लागली. सात वर्षं, सारू. सात वर्षं ही बाई माझ्या शेजारी बसून मोर्च्याच्या पिशव्या शिवत होती आणि मनात धरून होती की याच बाईनं मला परत त्या घरात लोटलं. माझी मान खाली जाईल म्हणून मी गप्प होते. माझं मूर्खपण कळलं असतं तर तिला सुखच झालं असतं, हे माझ्या डोक्यात कधी आलं नाही. डोळे पुसून म्हणाली, "मयुरी आली तर तिले मराठी शिकवजा. हिंदीच्या नादी लागू नका बाप्पा." सगळं समाजमंदिर हसलं, मीपण.

मग मी म्हणाले की मी अध्यक्षपदाचा राजीनामा देते. तुमच्या सहाही जणींनी टाळ्या वाजवल्या. त्यांना वाटलं, मी आणि रुपालीनं समेट केला! दीदींनी समजावलं तेव्हा त्यांची तोंडं बघण्यासारखी झाली. आपल्या बायका तरी 'नाही ताई, असं करू नका' म्हणतील असं मला वाटलं होतं. एकही म्हणाली नाही. बेबीताई म्हणाली, "मंजूर." आता तीच अध्यक्ष आहे. मला बैठकीचा वृत्तांत लिहायचं काम दिलंय, दोन्ही भाषांत, आणि तो वाचून दाखवल्याशिवाय सही घ्यायची नाही असा ठरावच केलाय. दर महिन्याला एकदा इकडे, एकदा तिकडे बैठक ठरली आहे. जन्माचे दाखले आम्ही काढायचे, मांडव तुम्ही गाठायचे. देवाणघेवाण सुरूही झाली: तुमच्याकडून दोन मुलींची नावं आलीत, दोघींचा जन्म इकडचा. तुळशीरामनं कपाट आधीच उघडून ठेवलंय.

परवा पंधरा तारीख. समिती अकराला बसली. आम्ही रुपालीच्या घरी फोन मधे ठेवून बसलो होतो. रुपाली मशीनवर, कुणाच्या तरी ब्लाउजला बाही लावत होती, तीच बाही उसवून परत लावत होती. दोनला दीदींचा फोन आला. म्हणाल्या की तू पत्र वाचलंस, ओळीओळीनं हिंदीत सांगितलंस.  समितीच्या बाईंनी विचारलं, माँ के साथ रहोगी? पोरगी म्हणाली, "पहले चिट्ठी एक बार और पढ़ो." तू पुन्हा वाचलीस. मग तिनं उत्तर दिलं.

मी फोन ठेवला. रुपाली म्हणाली, "काय म्हणाली? तुमच्या शब्दांत नका सांगू, ती जशी बोलली तसंच सांगा."

म्हटलं, "'हाँ' म्हणाली."

रुपालीनं मशीनचं चाक हातानं धरलं. माझ्याकडे बघून विचारलं, "ताई, 'हाँ'चा मतलब दोन्हीकडं एकच हाय ना?"

एकच आहे, म्हटलं.

तुझी,
पंचफुलाताई